बॉबी ब्रुक्सचा माग: कॉलेज फुटबॉलच्या पहिल्या टीव्ही प्रक्षेपणांतील विसरलेली माणसे कशी शोधावीत

३० सप्टेंबर १९३९ रोजी, शनिवारी, न्यूयॉर्कच्या रँडल्स आयलंडवरील ट्रायबरो स्टेडियममध्ये अमेरिकन फुटबॉलच्या एका सामन्यात वेन्सबर्ग कॉलेजचा बॉबी ब्रुक्स चेंडू घेऊन ६३ यार्ड, म्हणजे जवळजवळ ५८ मीटर, धावला आणि त्याने टचडाउन केले, म्हणजे चेंडू प्रतिस्पर्ध्याच्या टोकाच्या पट्ट्यात नेला. त्या दिवशी वेन्सबर्गला मिळालेले हे एकमेव टचडाउन. फोर्डम विद्यापीठाने सामना ३४–७ असा सहज जिंकला. एरवी ही धाव त्या मोसमाच्या आकडेवारीत विरून गेली असती. परंतु एनबीसी या अमेरिकन प्रसारण कंपनीच्या डब्ल्यू२एक्सबीएस या प्रायोगिक केंद्राने तो सामना टीव्हीवरून दाखवला होता, अमेरिकेत टीव्हीवर दाखवला गेलेला तो पहिला कॉलेज फुटबॉल सामना मानला जातो, आणि त्यामुळे ब्रुक्सचे टचडाउन हे टीव्हीवर दिसलेले पहिले टचडाउन ठरले.

या माणसाविषयी काही वाचायला जावे तर बहुतेक ठिकाणी हे एवढेच एक वाक्य पुन्हा पुन्हा भेटते. अशी माणसे या काळात पुष्कळ आहेत: एखाद्या प्रक्षेपणाचा निर्माता, कॅमेऱ्याजवळ बसलेला समालोचक, एका धावेपुरता पडद्यावर येऊन गेलेला खेळाडू. त्यांचा माग घरबसल्या, फारसा खर्च न करता, पण शिस्तीने कसा काढावा, हे या लेखात पायरीपायरीने मांडले आहे. ज्यांना मराठीतून क्रीडा-इतिहास लिहायचा आहे, मग ते पुण्यात बसून लिहोत वा न्यू जर्सीत, त्यांच्यासाठी ही पद्धत आहे. उदाहरणे अमेरिकेतली आहेत, कारण हा इतिहास तिथलाच आहे.

पायरी १: एक माणूस आणि एकच प्रश्न निवडा

पहिला मोह टाळायचा तो प्रसिद्ध माणसाचा. त्या सामन्याचे समालोचक बिल स्टर्न होते. ते रेडिओवरचे मोठे नाव. त्यांच्याविषयी भरपूर छापून आलेले आहे, आणि म्हणूनच नव्याने शोधण्यासारखे थोडे उरले आहे. दुय्यम माणूस निवडताना त्याचे काम आधी ठरवा. तो दाखवणारा होता, सांगणारा होता, की दिसणारा होता? दाखवणाऱ्यांची, म्हणजे निर्माते आणि तंत्रज्ञ यांची, नोंद कंपनीच्या दफ्तरात आणि व्यवसायाच्या नियतकालिकांत सापडते. सांगणाऱ्यांची नोंद वर्तमानपत्रांतील कार्यक्रमपत्रिकेत असते. दिसणाऱ्यांची, म्हणजे खेळाडूंची, नोंद कॉलेजात असते. कागद कुठे शोधायचे हे या एका उत्तरावर ठरते, म्हणून ते आधी वहीत लिहावे.

प्रश्नही तितकाच नेमका हवा. ‘बॉबी ब्रुक्सचे चरित्र’ हा प्रश्न नव्हे, तो एक अख्खा प्रकल्प आहे. ‘३० सप्टेंबर १९३९ रोजी ब्रुक्स त्या मैदानावर कसा पोहोचला, आणि त्यानंतरच्या अकरा वर्षांत तो कुठे होता?’ हा प्रश्न झाला. अकरा वर्षेच का, हे जनगणनेच्या पायरीत कळेल.

पायरी २: माणसाच्या आधी सामना पक्का करा

या संपूर्ण पद्धतीचा कणा हाच आहे. माणसाचे नाव अस्थिर असते. ते टोपणनावाने छापले जाते, चुकीचे छापले जाते, दुसऱ्याच्या नावाशी जुळते. सामना मात्र एका तारखेला, एका जागी, एका निकालाने झालेला असतो. म्हणून वहीचे एक पान सामन्यासाठी ठेवावे आणि त्यावर तारीख, वार, मैदान, दोन्ही संघ, निकाल, केंद्राचे नाव आणि समालोचक एवढे लिहावे. वार लिहायला विसरू नये. कॉलेज फुटबॉल शनिवारी खेळला जाई, त्यामुळे तपशीलवार वृत्तान्त रविवारच्या अंकात येई. आपल्या सामन्यासाठी १ ऑक्टोबर १९३९ चा अंक उघडायचा. त्याआधीचा शुक्रवारचा आणि शनिवारचा अंकही पाहावा, कारण संघांची संभाव्य यादी आणि प्रक्षेपणाची पूर्वसूचना तिथे असण्याची शक्यता असते.

मग नावांचे बदल टिपावेत. हे कंटाळवाणे वाटते, पण निम्मा शोध इथेच अडतो. ट्रायबरो स्टेडियमचे नाव १९५५ साली डाउनिंग स्टेडियम झाले. १९३६ साली धावपटू जेसी ओवेन्स ऑलिंपिकच्या निवड चाचणीत जिथे धावले आणि १९७५ साली पेले न्यूयॉर्क कॉसमॉस या संघाकडून पहिल्यांदा ज्या मैदानावर उतरले, ते हेच मैदान. पुढे ते पाडले गेले आणि २००५ पासून तिथे आयकान स्टेडियम उभे आहे. केंद्राचेही तसेच. डब्ल्यू२एक्सबीएस या नावातील ‘एक्स’ प्रायोगिक परवाना दाखवतो. १ जुलै १९४१ रोजी व्यावसायिक परवाना मिळाल्यावर ते डब्ल्यूएनबीटी झाले, आणि १९६० पासून ते डब्ल्यूएनबीसी आहे. वेन्सबर्ग कॉलेज आता वेन्सबर्ग विद्यापीठ आहे. जुने नाव घालून शोधले तर त्या काळचे कागद मिळतात, नवे घालून शोधले तर आठवणी आणि स्मरणलेख मिळतात; दोन्ही हवे असतात, पण ते मिसळू नयेत.

एक सावधगिरी मी स्वतः फसल्यानंतर शिकलो. त्याच १९३९ साली, २२ ऑक्टोबरला, ब्रुकलिनच्या एबेट्स फील्डवर ब्रुकलिन डॉजर्स आणि फिलाडेल्फिया ईगल्स यांचा व्यावसायिक फुटबॉल सामना टीव्हीवर दाखवला गेला. ब्रुकलिन डॉजर्स याच नावाचा बेसबॉल संघ त्याच मैदानावर खेळत असे आणि तो कितीतरी अधिक प्रसिद्ध होता. मैदान आणि संघ यांची नावे घालून शोधताना माझ्यापुढे जवळजवळ सगळी बेसबॉलचीच कात्रणे आली, आणि हे लक्षात येईपर्यंत मी दोन संध्याकाळी चुकीच्या पानांवर घालवल्या. अशा वेळी खेळाचा एखादा खास शब्द, उदाहरणार्थ ‘टचडाउन’ किंवा ‘फील्ड गोल’, शोधात जोडला की गाळ खाली बसतो.

पायरी ३: त्या दिवशी चित्र कसे तयार झाले, ते समजून घ्या

ही पायरी अनेकजण वगळतात, आणि मग ‘लाखो प्रेक्षकांनी पाहिले’ अशी वाक्ये लिहितात. १९३९ सालची अवस्था डोळ्यांसमोर आणली पाहिजे. एनबीसीची नियमित टीव्ही सेवा त्याच वर्षी ३० एप्रिलला, न्यूयॉर्कच्या जागतिक प्रदर्शनाच्या उद्घाटनाबरोबर सुरू झाली होती. प्रक्षेपक एम्पायर स्टेट बिल्डिंगच्या माथ्यावर होता. संदेश साधारण पन्नास मैलांच्या टापूत नीट पोहोचे, आणि त्या टापूत संचांची संख्या शेकड्यांत मोजण्याइतकी होती. वेन्सबर्ग हे गाव पेनसिल्व्हेनियाच्या नैर्ऋत्य कोपऱ्यात, न्यूयॉर्कपासून पाचशे किलोमीटरहून अधिक दूर आहे. म्हणजे ब्रुक्सच्या कॉलेजातले लोक त्याची धाव गावात बसून टीव्हीवर पाहू शकत नव्हते. स्टेडियममध्ये आलेले प्रेक्षक टीव्हीवर पाहणाऱ्यांपेक्षा बहुधा अधिक होते.

कॅमेरे आयकॉनोस्कोप नलिकेचे होते आणि त्यांना फार प्रकाश लागे. याचा परिणाम काय होई, हे ब्रुकलिनच्या सामन्याच्या आठवणींतून स्वच्छ दिसते. त्याचे निर्माते बर्क क्रॉटी यांनी पुढे सांगितले की, त्या दिवशी ऊन-सावलीचा खेळ चालू होता. सूर्य स्टेडियमच्या आड गेला की चित्र काळवंडत जाई, शेवटी पडदा पूर्ण काळा होई, आणि मग केवळ आवाजावर, म्हणजे रेडिओसारखे, प्रक्षेपण चालवावे लागे. समालोचक होते ॲलन वॉल्झ, ज्यांना सगळे ‘स्किप’ म्हणत. वॉल्झ यांची आठवण तर अगदी जवळून घेतलेल्या छायाचित्रासारखी आहे. मधल्या मजल्यावरच्या सज्जाच्या कठड्यावर हनुवटी टेकवून ते बसत आणि कॅमेरा त्यांच्या खांद्यावरून पाही. कोणता खेळाडू कोण, हे ओळखायला त्यांच्या मदतीला कुणी नव्हते; ते काम तेच करत. चेंडू लांब लाथाडला गेला की आपण आता कशाविषयी बोलणार आहोत, हे ते कॅमेरामनला बोट दाखवून सांगत. दुसरा कॅमेरा खाली मैदानाच्या मध्यरेषेपाशी होता, पण तो हलवता येत नसल्याने त्याचा उपयोग थोडाच झाला. क्रॉटी, वॉल्झ आणि कॅमेरामन धरून एकूण आठ माणसांनी ते प्रक्षेपण पार पाडले.

हा सामना व्यावसायिक होता, कॉलेजचा नव्हता, हे खरे. पण केंद्र तेच, वर्ष तेच, कॅमेऱ्याची जात तीच, आणि दोन सामन्यांमध्ये अंतर तीन आठवड्यांचे. म्हणून रँडल्स आयलंडवरची परिस्थिती समजून घ्यायला ही साक्ष उपयोगी पडते. मात्र तिथला एकही तपशील उचलून ब्रुक्सच्या सामन्यात घालू नये. हा फरक सांभाळणे हीच अभ्यासकाची नीती आहे. त्याच वर्षी १७ मे रोजी, बुधवारी, बेकर फील्डवर प्रिन्स्टन आणि कोलंबिया यांचा बेसबॉल सामना एकाच कॅमेऱ्याने दाखवला गेला, आणि त्याचेही समालोचक स्टर्नच होते. हे तीन सामने शेजारी ठेवून वाचले की त्या छोट्या चमूची कामाची रीत हळूहळू उलगडते: कोण कुठे पुन्हा भेटतो, कोण एकदाच येऊन नाहीसा होतो.

पायरी ४: चित्रफीत शोधण्यात वेळ कधी घालवायचा आणि कधी नाही

१९३९ चे प्रक्षेपण शोधत बसू नये. टीव्हीचे चित्र नोंदवून ठेवण्याची व्यवहारात वापरता येईल अशी सोय तेव्हा नव्हती. पडद्यावरचे चित्र फिल्मवर टिपणारी किनेस्कोप यंत्रणा १९४७ साली आली, आणि चुंबकीय व्हिडिओ टेप १९५६ साली. त्यामुळे १९४७ पूर्वीच्या एखाद्या सामन्याची हलती चित्रे कुठे दिसलीच, तर ती बहुधा चित्रपटगृहांतील वार्तापटासाठी वेगळ्या फिल्म कॅमेऱ्याने घेतलेली असतात. ती मौल्यवान आहेत, पण त्यांना ‘टीव्ही प्रक्षेपण’ म्हणणे चूक आहे.

१९५६ नंतरही टेप टिकली असेल असे गृहीत धरता येत नाही, कारण टेप महाग होती आणि ती पुसून पुन्हा वापरली जाई. ७ डिसेंबर १९६३ चा आर्मी–नेव्ही सामना, म्हणजे अमेरिकेच्या लष्करी आणि नौदल अकादमींच्या संघांचा सामना, याचे चांगले उदाहरण आहे. राष्ट्राध्यक्ष केनेडी यांच्या हत्येमुळे तो एक आठवडा पुढे ढकलला गेला होता. सीबीएस या प्रसारण कंपनीचे तरुण दिग्दर्शक टोनी व्हर्ना यांनी त्या दिवशी फिलाडेल्फियाला टेपचे एक अवजड यंत्र सोबत नेले. आर्मीच्या रॉली स्टिचवेचे टचडाउन झाल्याबरोबर त्यांनी तेच दृश्य लगेच पुन्हा दाखवले. समालोचक लिंडसे नेल्सन यांना प्रेक्षकांना बजावून सांगावे लागले की हे थेट दृश्य नाही, आर्मीने पुन्हा टचडाउन केलेले नाही. पुनर्दृश्य नीट जुळावे म्हणून व्हर्ना यांनी टेपच्या ध्वनिपट्टीवर खुणेचे आवाज नोंदवले होते, आणि वापरलेल्या टेपवर जुन्या कार्यक्रमांचे अवशेष अधूनमधून उमटत होते, असे त्यांनीच पुढे सांगितले. ज्या माध्यमात एका ऐतिहासिक क्षणासाठीसुद्धा वापरलेली टेप घ्यावी लागे, तिथे साध्या शनिवारच्या सामन्याची टेप जपली गेली असेल अशी आशा धरून कामाला लागू नये.

फीत शोधायचीच असेल तर लायब्ररी ऑफ काँग्रेस, यूसीएलए या लॉस एंजेलिसच्या विद्यापीठाचा चित्रपट व दूरचित्रवाणी संग्रह आणि न्यूयॉर्कचे पेली सेंटर यांच्या सूची पाहाव्यात. सूचीत नसेल तर कागदाकडे वळावे.

पायरी ५: छापील कागद

सर्वांत आधी कॉलेजांची स्वतःची वर्तमानपत्रे. फोर्डमच्या विद्यार्थ्यांचे ‘द रॅम’ आणि पेनसिल्व्हेनिया विद्यापीठाचे ‘डेली पेनसिल्व्हेनियन’ यांचे जुने अंक संगणकावर पाहता येतात. मोठी शहरी वर्तमानपत्रे निकाल सांगतात. विद्यार्थ्यांचे पत्र मात्र खेळाडूचे मूळ गाव, इयत्ता, आधीची दुखापत, सामन्यासाठी केलेला आगगाडीचा प्रवास अशा गोष्टी सांगते. दोन्ही संघांची पत्रे वाचावीत. हरलेल्या संघाच्या पत्रात एकमेव टचडाउन करणाऱ्याला जास्त जागा मिळते, हा अनुभव आहे.

त्यानंतर व्यवसायाची नियतकालिके. ‘ब्रॉडकास्टिंग’ हे साप्ताहिक आणि रेडिओची वार्षिके ‘वर्ल्ड रेडिओ हिस्टरी’ या संकेतस्थळावर विनामूल्य वाचता येतात. समालोचक आणि निर्माते यांच्या बदल्या, नेमणुका, लष्करातील भरती हे सारे तिथे दोन-दोन ओळींत येते. चरित्राचा सांगाडा याच दोन-दोन ओळींतून उभा राहतो. लायब्ररी ऑफ काँग्रेसचा ‘क्रॉनिकलिंग अमेरिका’ हा संग्रह आणि न्यूयॉर्क राज्यातील जुन्या वर्तमानपत्रांचा संग्रह हेही विनामूल्य आहेत, आणि लहान गावांची पत्रे तिथेच भेटतात.

शोधताना ध्यानात ठेवायचे ते असे. जुनी पाने यंत्राने वाचलेली असतात आणि यंत्र चुका करते. पुसट छपाईत नावातले एखादे अक्षर हमखास बदलते, आणि ओळ तुटली असेल तर नावाचे दोन तुकडे होतात. म्हणून केवळ नावावर शोधू नये. आधी तारीख ठरवावी, मग त्या अंकाचे क्रीडापान डोळ्यांनी वाचावे. कंटाळा येतो, पण यंत्राला न सापडलेली गोष्ट इथेच सापडते. दुसरे असे की, ‘स्किप’ आणि ‘बॉबी’ ही कागदोपत्री नावे नव्हेत. स्किप वॉल्झ हे ॲलन वॉल्झ म्हणूनही छापले जातात. बॉबी हे बहुधा रॉबर्टचे लाडके रूप असते, पण ‘बहुधा’ हा शब्द वहीत तसाच ठेवावा. कागदाने सिद्ध होईपर्यंत तो खोडू नये.

पायरी ६: जनगणना आणि नोंदणीपत्रे

अमेरिकेची जनगणनेची पत्रके ७२ वर्षांनी खुली होतात. १९४० ची पत्रके २०१२ साली आणि १९५० ची १ एप्रिल २०२२ रोजी खुली झाली. वर ज्या अकरा वर्षांचा उल्लेख केला, त्याचे कारण हेच: १९३९ च्या सामन्यातला तरुण १९४० साली कुठे होता आणि १९५० साली कुठे होता, ही दोन टोके पकडता येतात. १९४० च्या पत्रकात आणखी एक मोलाचा रकाना आहे, तो म्हणजे ‘१ एप्रिल १९३५ रोजी ही व्यक्ती कुठे राहत होती’. म्हणजे एकाच कागदावर दोन पत्ते मिळतात, आणि कॉलेजात शिकणाऱ्या मुलाच्या बाबतीत त्यातला जुना पत्ता बहुतेक वेळा मूळ गावाचा, म्हणजे त्याच्या घरचा असतो.

दुसऱ्या महायुद्धासाठीची लष्करी नोंदणी १६ ऑक्टोबर १९४० रोजी सुरू झाली, तेव्हा २१ ते ३५ वयाच्या पुरुषांना पत्रक भरावे लागले. पुढे वयोमर्यादा वाढत गेली. या पत्रकांवर पूर्ण नाव, जन्मतारीख, जन्मस्थान, नोकरी देणाऱ्याचे नाव आणि जवळच्या माणसाचे नाव असते. ‘फॅमिलीसर्च’ या वंशावळीच्या संकेतस्थळावर खाते उघडून ती पाहता येतात, त्यासाठी पैसे पडत नाहीत.

इथे एक नियम मी कधीच मोडत नाही. रॉबर्ट ब्रुक्स हे अमेरिकेत अत्यंत सामान्य नाव आहे, जसे आपल्याकडे प्रकाश पाटील. एखादे पत्रक सापडले की हाच आपला माणूस, असे मन लगेच म्हणू लागते. तसे म्हणण्यापूर्वी नावाव्यतिरिक्त दोन गोष्टी स्वतंत्रपणे जुळल्या पाहिजेत: कॉलेज आणि गाव, किंवा गाव आणि वय, किंवा वय आणि नातेवाइकाचे नाव. एकच गोष्ट जुळत असेल तर ते पत्रक ‘शक्यता’ या पानावर लावून ठेवावे आणि लेखात वापरू नये. मृत माणसांचे कागद खुले असले, तरी त्यांची मुले-नातवंडे हयात असतात. त्यांचे पत्ते, दूरध्वनी, घरगुती तपशील वहीतही उतरवून घेऊ नयेत. त्यांच्याशी बोलायचे असेल तर कॉलेजच्या माजी विद्यार्थी कार्यालयामार्फत निरोप पाठवावा.

पायरी ७: ‘पहिला’ हा शब्द तपासून वापरा

या विषयात जितक्या चुका होतात, त्यांतल्या बऱ्याच एका शब्दापाशी होतात. ३० सप्टेंबर १९३९ हा टीव्हीवरचा पहिला कॉलेज फुटबॉल सामना, २२ ऑक्टोबर १९३९ हा एनएफएल या व्यावसायिक लीगचा पहिला सामना, आणि २९ सप्टेंबर १९५१ रोजी एनबीसीने पिट्सबर्गहून दाखवलेला ड्यूक विरुद्ध पिट (पिट्सबर्ग विद्यापीठ) हा किनाऱ्यापासून किनाऱ्यापर्यंत थेट पोहोचलेला पहिला कॉलेज फुटबॉल सामना. तिन्हींना ‘पहिला’ म्हणतात, आणि तिन्ही ठिकाणी त्या शब्दाचा अर्थ निराळा आहे. ‘पहिला’ लिहिताना कशात पहिला, हे त्याच वाक्यात आले पाहिजे.

आठवणींचेही असेच. स्टर्न यांच्याविषयी एक गोष्ट सर्रास सांगितली जाते: रेडिओवर बोलताना त्यांनी चेंडू घेऊन धावणाऱ्याचे नाव चुकीचे सांगितले, तर टचडाउनच्या जरा आधी ते त्या खेळाडूकडून बरोबर खेळाडूकडे कल्पनेतच चेंडू फेकून टाकत, म्हणजे चूक झाकली जाई. त्यांचे रेडिओवरचे क्रीडाकिस्सेही तिखटमीठ लावलेले असत, हे सर्वज्ञात आहे. याचा अर्थ त्यांची साक्ष फेकून द्यावी असा नाही. ज्याने कथा रंगवल्या त्याच्या आवाजात तो काळ जिवंत सापडतो. पण आकडा, तारीख आणि नाव मात्र त्याच आठवड्याच्या छापील कागदावरून घ्यावे. वॉल्झ आणि क्रॉटी यांच्या आठवणींवर माझा अधिक विश्वास आहे, कारण त्या मोठेपणाच्या नाहीत, अडचणींच्या आहेत, आणि दोघांच्या अडचणी तंत्राच्या ज्ञात मर्यादांशी जुळतात.

पायरी ८: माणूस नोंदीतून नाहीसा का झाला, ते शोधा

अनेक स्थानिक समालोचकांचा माग १९५१ च्या सुमारास तुटतो. त्याला माणसे कारणीभूत नव्हती, एक नियम कारणीभूत होता. फिलाडेल्फियात फिल्को कंपनीच्या डब्ल्यू३एक्सई या केंद्राने ५ ऑक्टोबर १९४० रोजी फ्रँकलिन फील्डवरून पेनसिल्व्हेनिया विरुद्ध मेरीलँड हा सामना दाखवला. पेनसिल्व्हेनियाने तो ५१–० असा जिंकला, आणि त्यानंतर त्या विद्यापीठाचे घरचे सामने वर्षानुवर्षे टीव्हीवर येत राहिले. युद्धानंतर संच घरोघरी पोहोचले, तशी तिकीटविक्री घटेल अशी भीती कॉलेजांना वाटू लागली. १९५१ साली एनसीएए या कॉलेज क्रीडा संघटनेने प्रक्षेपणांवर कडक मर्यादा घातली. पेनसिल्व्हेनियाने ती झुगारून आपले सामने दाखवण्याचे जाहीर केले. संघटनेने त्या विद्यापीठाचे सभासदत्व सदोष ठरवले, प्रतिस्पर्धी कॉलेजे त्याच्याशी खेळायला नकार देऊ लागली, आणि विद्यापीठाला माघार घ्यावी लागली. ही व्यवस्था पुढे अनेक बदलांसह टिकली, आणि २७ जून १९८४ रोजी अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने ओक्लाहोमा विद्यापीठाच्या विश्वस्तांच्या बाजूने, सात विरुद्ध दोन मतांनी, संघटनेचे हे नियंत्रण मोडून काढले.

याचा आपल्या शोधाशी थेट संबंध आहे. आठवड्याला मोजकेच सामने दिसू लागले, की मोजकेच समालोचक उरतात. गावोगावच्या केंद्रांवर शनिवारी बोलणारी माणसे बेसबॉल, मुष्टियुद्ध, हवामान, जाहिराती अशा कामांकडे वळली. म्हणून एखाद्याचे नाव १९५१ नंतर फुटबॉलच्या पानावर दिसले नाही, तर त्याने व्यवसाय सोडला असे लिहू नये. त्याच केंद्राच्या इतर कार्यक्रमांच्या जाहिराती चाळाव्यात.

पायरी ९: अभिलेखागाराला पत्र

एनबीसीच्या जुन्या कागदपत्रांचा मोठा संग्रह विस्कॉन्सिन हिस्टॉरिकल सोसायटीकडे, मॅडिसनला आहे, आणि काही भाग लायब्ररी ऑफ काँग्रेसकडे आहे. वेन्सबर्ग आणि फोर्डम यांची स्वतःची अभिलेखागारे आहेत. पत्र आटोपशीर लिहावे: आपण कोण, कोणत्या तारखेच्या कोणत्या सामन्यासंबंधी विचारतो आहोत, आधी काय काय पाहून झाले आहे, आणि नेमका कोणता कागद हवा आहे. ‘ब्रुक्सविषयी जे असेल ते पाठवा’ असे लिहिले तर उत्तर उशिरा आणि मोघम येते. ‘१९३९ च्या संघाच्या यादीची आणि त्या वर्षीच्या वार्षिकातील फुटबॉलच्या पानांची प्रत मिळेल का’ असे लिहिले तर ग्रंथपालाला उठून नेमके कपाट उघडता येते. पिट्सबर्गच्या आसपास राहणाऱ्या मराठी वाचकांना वेन्सबर्ग तासाभराच्या अंतरावर आहे. त्यांनी प्रत्यक्ष जावे, पण वेळ ठरवूनच.

पायरी १०: मराठीत लिहिताना

‘फुटबॉल’ म्हटले की आपल्या वाचकासमोर गोल चेंडू आणि पायांचा खेळ येतो. त्यामुळे पहिल्याच परिच्छेदात ‘अमेरिकन फुटबॉल’ असे लिहावे आणि एका वाक्यात खेळ सांगावा: चेंडू लंबगोल, तो हातात धरून धावता येतो किंवा पुढे फेकता येतो, आणि प्रतिस्पर्ध्याच्या टोकाच्या पट्ट्यात पोहोचला की टचडाउन. टचडाउन, यार्ड, क्वार्टरबॅक हे शब्द तसेच ठेवावेत. त्यांना नवे संस्कृत प्रतिशब्द घडवले तर खेळ कळत नाही आणि शोधणाऱ्याला लेखही सापडत नाही. ‘कॉमेंटेटर’साठी समालोचक हा शब्द आपल्याकडे आकाशवाणीच्या क्रिकेटमुळे पक्का रुजलेला आहे. बाळ ज. पंडित यांचे मराठी समालोचन ऐकलेल्या पिढीला एक फरक सहज समजेल: रेडिओचा समालोचक सगळे मैदान शब्दांनी उभे करतो, आणि टीव्हीच्या समालोचकाला जे दिसतेच आहे ते सोडून बोलावे लागते. १९३९ साली पडदा मधेच काळा होत असल्याने वॉल्झ यांना एकाच दुपारी ही दोन्ही कामे करावी लागली.

नावांचे उच्चार ऐकून मगच लिहावेत. फोर्डमचा ‘ह’ उच्चारात नाही. एकदा ठरवलेले लेखन संपूर्ण लेखात सांभाळावे.

या सगळ्या पायऱ्या केल्यावर, पुढचे कागद यायच्या आत, माझ्या वहीतील ब्रुक्सचे टिपण असे आहे:

‘बॉबी ब्रुक्स, वेन्सबर्ग कॉलेज, पेनसिल्व्हेनिया. शनिवार, ३० सप्टेंबर १९३९, ट्रायबरो स्टेडियम, रँडल्स आयलंड, न्यूयॉर्क. फोर्डमविरुद्ध ६३ यार्डांची धाव आणि टचडाउन. अमेरिकेत टीव्हीवर दाखवलेल्या कॉलेज फुटबॉल सामन्यातील पहिले. केंद्र: डब्ल्यू२एक्सबीएस. समालोचक: बिल स्टर्न. निकाल: फोर्डम ३४, वेन्सबर्ग ७. प्रक्षेपणाचा टापू: न्यूयॉर्कभोवती सुमारे ५० मैल. वेन्सबर्ग गाव त्या टापूच्या बाहेर.’